कोर्टाचा हुकूम, पोलिसांचा पहारा आणि गांवची संमति

लोकोपयोगी कामें आणि त्यांची अडवणूक यांचें नातें आपल्या प्रांतांत इतकें नित्याचें झालें आहे, कीं त्याकडे आतां कोणी विशेष लक्षही देत नाहीं. पाण्याचा नळ टाकावयाचा असो, विजेचा मनोरा उभारावयाचा असो, रस्ता रुंद करावयाचा असो किंवा भ्रमणध्वनीचा टॉवर रोंवावयाचा असो, क्रम ठरलेला आहे. प्रथम काम मंजूर होतें. मग मक्तेदाराचीं माणसें व यंत्रें येऊन दाखल होतात. मग कोणी तरी आडवा उभा राहतो. मग प्रकरण कोर्टांत जातें. आणि अखेरीस कोर्टाच्या हुकुमान्वये पोलिसांच्या पहाऱ्यांत खड्डा खणला जातो. यावर एक पक्ष म्हणतो, "मूठभर लोक साऱ्या मुलुखाची प्रगति अडवून धरतात." दुसरा पक्ष म्हणतो, "गरिबाच्या शेतांत लाठी घेऊन शिरणें ही कसली प्रगति?" आमच्या मतें दोन्ही पक्षांच्या म्हणण्यांत अर्धें अर्धें सत्य आहे, आणि हीं दोन अर्धीं एकत्र जुळविल्याशिवाय या प्रश्नाचा उलगडा होणार नाहीं.

हा प्रश्न पेठसारख्या तालुक्यांत जितका स्पष्ट दिसतो तितका तो मोठ्या शहरांत दिसत नाहीं. पेठ हें सन १८७८ पर्यंत एक लहानसें संस्थान होतें. नंतर तें खालसा होऊन नाशिक जिल्ह्यांत आलें. तालुका घांटमाथ्याच्या पश्चिम उतारावर, गुजरातच्या सरहद्दीस लागून वसलेला. वस्ती मुख्यतः कोकणा, महादेव कोळी, वारली या आदिवासी जमातींची. पिकें भात, नागली, वरई यांचीं. पाऊस वर्षाला दोन हजार मिलिमीटरांच्या घरांत पडतो. तरी होळी सरली कीं बायाबापड्यांस हंडे घेऊन झऱ्याची वाट धरावी लागते. याचें कारण दैवी कोप नव्हे. जमीन तीव्र उताराची, माती पातळ, खालीं काळा कठीण खडक; पडलेलें पाणी थांबत नाहीं, तें दमणगंगा व पार यांच्या खोऱ्यांतून गुजरातेकडे उतरून अरबी समुद्रास मिळतें. अशा मुलुखांत पाणी अडविण्यास बांध पाहिजे, पोंचविण्यास नळ पाहिजे, चढविण्यास पंप पाहिजे आणि पंपास वीज पाहिजे. पाडे विखुरलेले असल्यामुळें यांतील कोणतेंही काम कोणाच्या तरी शेतांतून, बांधावरून किंवा वनजमिनींतून गेल्याशिवाय पुरें होऊं शकत नाहीं. सन २०१९ मध्यें जलजीवन मोहिमेनें घरोघरीं नळ देण्याचा संकल्प केला; त्याची मुदत सन २०२४ ची होती, ती पुढें सन २०२८ पर्यंत वाढवावी लागली. मुदतवाढीचीं कारणें अनेक असतील; पण जागेचे तंटे हें त्यांपैकीं एक असतें, हें खेड्यांत काम केलेला कोणीही सांगेल.

आतां कायद्याचें शस्त्र किती धारदार आहे तें पाहूं. विजेच्या मोठ्या वाहिन्यांस आधार आहे तो सन १८८५ च्या तारायंत्राच्या कायद्याचा. सन २००३ च्या वीज कायद्याच्या १६४ व्या कलमान्वये सरकार एखाद्या वीजसंस्थेस तारखात्याचे अधिकार देऊं शकतें. आणि असे अधिकार मिळालेल्या संस्थेस जमीनमालकाची पूर्वसंमति घ्यावी लागत नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें पॉवर ग्रिड विरुद्ध सेंचुरी टेक्स्टाइल्स या प्रकरणांत डिसेंबर २०१६ मध्यें स्पष्ट केलें. मालकानें अडथळा केला, तर १६ व्या कलमाप्रमाणें जिल्हादंडाधिकारी काम करूं देण्याविषयीं हुकूम काढूं शकतो. त्यानंतरही जो अडवील तो फौजदारी गुन्ह्यास पात्र होतो. सन २०२३ च्या नव्या दूरसंचार कायद्यानेंही वीजवाहिन्यांपुरता त्या जुन्या कायद्याचा तिसरा भाग राखून ठेविला आहे. म्हणजे राणीच्या अमदानींत तारेच्या खांबांसाठीं घडविलेलें हत्यार आज चारशें किलोव्होल्टच्या मनोऱ्यांसाठीं वापरलें जात आहे.

परंतु त्याच कायद्याच्या दहाव्या कलमांत तीन मर्यादाही लिहिलेल्या आहेत, त्यांची आठवण मात्र फार थोड्यांस असते. पहिली ही, कीं संस्थेस जमिनीवर केवळ वापराचा हक्क मिळतो, मालकी मिळत नाहीं. दुसरी ही, कीं नुकसान होतां होईल तों कमी करावयाचें. तिसरी ही, कीं झालेल्या नुकसानीची पूर्ण भरपाई द्यावयाची. आणि भरपाईच्या रकमेविषयीं तंटा पडल्यास तो जिल्हा न्यायाधीशापुढें न्यावयाचा. एकाच कायद्यानें संस्थेस अधिकार दिला आणि त्याच लेखणीनें तिच्यावर कर्तव्यही घातलें. अधिकाराची अंमलबजावणी करण्यास पोलीस येतात. कर्तव्याची अंमलबजावणी करण्यास कोण येतें, हा प्रश्न शेतकऱ्यानें विचारला, तर त्यास उत्तर देणें जड जाईल.

यांत आणखी एक भर पडली आहे. १ ऑक्टोबर २०१८ पासून अमलांत आलेल्या विशिष्ट साहाय्य कायद्याच्या दुरुस्तीनें रस्ते, वीज, पाणी, दळणवळण इत्यादि पायाभूत कामांस विलंब किंवा अडथळा होईल असा मनाईहुकूम दिवाणी कोर्टानें देऊं नये, असें ठरविलें. या दुरुस्तीचा हेतु आम्हांस समजतो. एका मनाईहुकुमानें वर्षानुवर्षें काम रखडावें, खर्च दुप्पट व्हावा आणि त्याचा भार अखेर करदात्यावर पडावा, हें कोणासही नको आहे. परंतु त्याचा दुसरा परिणामही ध्यानांत घेतला पाहिजे. पूर्वीं ज्यास आपली तक्रार घेऊन मुनसफाच्या कोर्टांत जातां येत होतें, त्याचा तो दरवाजा आतां पुष्कळ अरुंद झाला. कोर्टाची वाट बंद झाल्यासारखी वाटली कीं मनुष्य बांधावर येऊन उभा राहतो. मग आपण त्यास अडवणूक करणारा म्हणतों, आणि पोलीस मागवितों.

पोलीस मागविण्याचा हुकूम कोर्टानें केव्हां द्यावा, याविषयीं सर्वोच्च न्यायालयानें सन २००६ मध्यें पी. आर. मुरलीधरन यांच्या प्रकरणांत घालून दिलेला दंडक फार मार्मिक आहे. त्याचा आशय असा, कीं ज्याचा हक्क हुकूमनाम्यानें किंवा कोर्टाच्या आदेशानें ठरलेला आहे, त्याच्या रक्षणासाठीं पोलीस देणें योग्य. परंतु ज्या हक्काचा निर्णयच झालेला नाहीं, तो पोलिसांच्या जोरावर पदरांत पाडून घेण्यासाठीं रिट अर्ज करणें योग्य नव्हे. सारांश, पोलीस ही न्यायाच्या शिडीची शेवटची पायरी आहे. नोटीस, सुनावणी, मोजणी आणि भरपाई या खालच्या पायऱ्या गाळून जो एकदम वरच्या पायरीवर उडी घेतो, त्याचा पाय घसरल्यावांचून राहत नाहीं.

येथें सुधारणेच्या कैवाऱ्यांनीं एक भेद स्पष्ट केला पाहिजे. अडवणूक दोन जातींची असते. एक बळवंताची, दुसरी दुर्बळाची. दोहोंस एकच औषध देणारा वैद्य शहाणा नव्हे.

बळवंताची अडवणूक आपल्या समाजास नवी नाहीं. महाडच्या चवदार तळ्याचें उदाहरण सर्वांच्या परिचयाचें आहे. सार्वजनिक पाणवठे सर्वांस खुले असावेत असा ठराव मुंबईच्या कायदेमंडळांत सन १९२३ मध्यें झाला. महाड नगरपालिकेनें सन १९२४ मध्यें तळें खुलें केलें. तरी सन १९२७ च्या मार्च महिन्यांत डॉ. आंबेडकरांच्या नेतृत्वाखालीं अस्पृश्य बांधव तेथें पाणी प्याले, तेव्हां त्यांस मार खावा लागला. पुढें स्पृश्य मंडळी कोर्टांत गेली, डिसेंबरांत तात्पुरता मनाईहुकूम मिळविला, आणि डॉ. आंबेडकरांनीं हजारों लोक जमलेले असतांही तो हुकूम मानून तळ्यावर जाण्याचें तहकूब केलें. मुंबई हायकोर्टाचा अखेरचा निकाल अस्पृश्यांच्या बाजूनें लागला तो १७ मार्च १९३७ रोजीं. सार्वजनिक पाण्याच्या एका घोटासाठीं दहा वर्षें! कोर्टाचा मान दुर्बळांनीं राखला. मात्र ठरलेल्या हक्काचें रक्षण करण्यास त्या काळीं पोलिसांचा हात पुढें आला नाहीं. आजही एखाद्या वस्तीकडे जाणारा नळ वाटेंतला मोठा खातेदार केवळ जुन्या वैरानें, निवडणुकीच्या रागानें किंवा जातीच्या ताठ्यानें अडवीत असेल, तर तेथें कोर्टानें पोलीस द्यावे आणि पोलिसांनीं क्षणाचाही विलंब लावूं नये. पन्नास घरांची तहान एका माणसाच्या हट्टापायीं वाढूं देणें हा न्याय नव्हे.

याच वर्गांत अज्ञानमूलक अडवणूकही येते. सांगली जिल्ह्यांतील चिकुर्डे येथील ग्रामपंचायतीनें भ्रमणध्वनीच्या टॉवरच्या लहरींनीं रोग होतील या भयानें काम थांबविण्याचा ठराव केला. त्या भयास शास्त्रीय आधार नाहीं, असें सांगून मुंबई हायकोर्टानें सन २०२२ मध्यें तो ठराव रद्द केला. निकाल योग्यच झाला. तथापि भय निकालानें जात नाहीं, तें समजूत पटल्यानें जातें. ज्या कंपनीनें टॉवर उभारण्यापूर्वीं एक जाणता डॉक्टर व एक अभियंता गांवांत पाठवून चार शंकांचीं उत्तरें दिलीं, तिला पोलीस मागविण्याची वेळ क्वचितच येईल.

आतां दुर्बळाची अडवणूक. मुळशीचे मावळे सन १९२१ मध्यें टाटांच्या धरणाविरुद्ध उभे राहिले, ते विजेच्या द्वेषानें नव्हे. आपली वडिलोपार्जित भातखाचरें आपणांस न विचारतां पाण्याखालीं जाणार, हें त्यांचें दुःख होतें. सेनापति बापटांसारखा पुरुष त्यांच्यासाठीं तुरुंगांत गेला. सन १९२४ पर्यंत लढा संपला, धरण झालें, मुंबईस वीज मिळाली. कायद्यानें काम पुरें झालें. परंतु शंभर वर्षें उलटून गेलीं तरी मुळशीचें नांव निघालें कीं विजेच्या आधीं विस्थापित आठवतात. त्याहून अलीकडचा दाखला मावळांतीलच आहे. पवना धरणापासून पिंपरी-चिंचवडपर्यंत बंद नळानें पाणी नेण्याच्या योजनेस शेतकऱ्यांचा विरोध होता. ९ ऑगस्ट २०११ रोजीं बऊर येथें द्रुतगति महामार्गावर आंदोलन झालें, पोलिसांनीं गोळीबार केला आणि तीन शेतकरी प्राणांस मुकले; त्यांत एक स्त्री होती. परिणाम काय झाला? ज्या कामासाठीं गोळी सुटली, तें काम बारा वर्षें स्थगित राहिलें. स्थगिति उठली ती सन २०२३ मध्यें. गोळीनें नळ एक हातभरही पुढें सरकला नाहीं. शहराची तहान खोटी नव्हती, शेतकऱ्याचें भयही खोटें नव्हतें. मध्यें बोलणारा कोणी नव्हता, एवढेंच खरें.

पेठच्या बाबतींत कायद्यानें हा बोलणारा नेमून ठेविलेला आहे. पेठ तालुका हा राज्यघटनेच्या पांचव्या परिशिष्टाखालील अनुसूचित क्षेत्रांत येतो. येथें सन १९९६ चा पेसा कायदा लागू आहे. त्यान्वये विकासकामासाठीं जमीन संपादन करण्यापूर्वीं ग्रामसभेशीं किंवा योग्य स्तरावरील पंचायतीशीं सल्लामसलत करणें बंधनकारक आहे. सन २००६ च्या वनहक्क कायद्याचें तिसरें कलम तर याहून सोयीचें आहे. शाळा, दवाखाना, अंगणवाडी, पिण्याच्या पाण्याचे नळ, लहान तलाव, विजेच्या व दूरध्वनीच्या तारा, रस्ते अशा तेरा प्रकारच्या कामांसाठीं, प्रत्येक ठिकाणीं एक हेक्टराहून कमी वनजमीन लागत असेल आणि हेक्टरी पंचाहत्तरांहून अधिक झाडें तोडावीं लागत नसतील, तर ग्रामसभेच्या शिफारशीनें ती जमीन देतां येते. गांवचें काम गांवच्या शिफारशीनें व्हावें, यापेक्षां सरळ मार्ग कोणता? परंतु अनेकदां असें होतें, कीं ग्रामसभेचा ठराव हा कागद जोडण्याचा उपचार समजला जातो. सह्या गोळा होतात, सभा भरत नाहीं. मग मक्तेदाराचें यंत्र आलें म्हणजे लोक विचारतात, "हें कोणी ठरविलें?" आणि त्या प्रश्नास कागदाखेरीज कोणाजवळ उत्तर नसतें.

या अविश्वासास जुनीं कारणेंही आहेत. सन २०१० च्या मे महिन्यांत केंद्र, महाराष्ट्र व गुजरात यांनीं दमणगंगा–पिंजाळ आणि पार–तापी–नर्मदा या नदीजोड योजनांविषयीं करार केला. पार–तापी–नर्मदा योजनेविरुद्ध आदिवासींनीं इतका तीव्र विरोध केला, कीं सन २०२२ मध्यें गुजरातच्या मुख्यमंत्र्यांस ती सोडून दिल्याचें जाहीर करावें लागलें. आपल्या डोंगरांत पडणारें पाणी दूरच्या शहरांसाठीं व शेतांसाठीं नेण्याचे बेत होत असतां आपल्या पाड्यावर मात्र टँकरची वाट पाहावी लागते, असें ज्या माणसास वाटतें, तो मोजणीदाराकडे संशयानें पाहणारच. त्याच्या पाड्यास नळ देण्यास आलेला मोजणीदार आणि त्याचें पाणी दूर नेण्यास आलेला मोजणीदार यांचा वेष एकच असतो. हा संशय दूर करण्याचा एकच उपाय आहे. आधीं पाड्यास पाणी, मग पाण्याचा प्रवास.

मग करावें काय? आमच्या सूचना साध्या आहेत.

काम मंजूर होतांच त्याचा नकाशा, कोणाच्या गटांतून किती रुंदीनें तें जाणार याची यादी आणि भरपाईचा दर मराठींत छापून चावडीवर लावावा व ग्रामसभेंत मोठ्यानें वाचून दाखवावा. ज्यास अक्षरओळख नाहीं त्यास नोटिशीचा उपयोग नसतो. भरपाईची निश्चित रक्कम खड्डा खणण्यापूर्वीं खातेदाराच्या खात्यांत जमा व्हावी. वीजमनोऱ्यांच्या जागेसाठीं सन २०१५ च्या केंद्रीय सूचनांप्रमाणें जमिनीच्या मूल्याच्या ८५ टक्के भरपाई सुचविली होती. जून २०२४ च्या सूचनांत ती २०० टक्के झाली, आणि ग्रामीण भागांत तारांखालील पट्ट्यासाठीं ३० टक्के ठरली. सूचना कागदावर उत्तम आहेत. राज्यानें त्या अंगीकारून तत्काळ पैसे दिले, तरच त्यांस अर्थ आहे. पीक उभें असतां काम काढूं नये; भाताची कापणी होईपर्यंत थांबल्यानें कोणतीही योजना बुडत नाहीं.

कोर्टापुढें पोलीस मागणारा अर्ज आला, तर कोर्टानें तीन गोष्टी विचाराव्यात: हक्क ठरला आहे काय, नोटीस व सुनावणी झाली आहे काय, आणि भरपाई जमा आहे काय. तिन्हींचें उत्तर होकारार्थी असेल तर पोलीस अवश्य द्यावे. पण हुकुमांत कामाची जागा, तारीख, वेळ व मर्यादा लिहून द्यावी, स्त्रियांचा जमाव असल्यास स्त्री पोलीस असावेत, आणि नुकसानीचा पंचनामा त्याच दिवशीं व्हावा. महाराष्ट्र पोलीस कायद्यांत अर्जदाराच्या खर्चानें जादा पोलीस देण्याची सोय आहे. ती वापरण्यास हरकत नाहीं. मात्र पैसे कोणीही भरोत, पोलीस हा मक्तेदाराचा रखवालदार होत नाहीं. हुकुमाच्या मर्यादेबाहेर मक्तेदारानें एक वीतही जागा खणली, तर त्याच पोलिसानें त्याचा हात धरिला पाहिजे.

आमच्या बाजारपेठेंतील वाचकांसही दोन शब्द सांगणें प्राप्त आहे. नाशिकहून पेठमार्गे धरमपुराकडे जाणारा रस्ता सुधारावा, वीज चोवीस तास असावी, दुकानांत भ्रमणध्वनीचें जाळें मिळावें, हें सर्व व्यापाऱ्यांस हवें असतें. आणि शेतकरी आडवा आला कीं "या लोकांना पोलीसच पाहिजेत" असें सहज बोललें जातें. परंतु गटारासाठीं आपल्या दुकानाची पायरी काढण्याची वेळ आली, म्हणजे याच मंडळींच्या मुखीं परंपरा, वहिवाट आणि नुकसान हे शब्द येतात. पायरी सरकारी जागेवर, भातखाचर मालकीचें. तरी पायरीवाल्यास वकील मिळतो आणि खाचरवाल्यास लाठी दाखविली जाते. जो न्याय आपणांस हवा तोच दुसऱ्यास मागणें, हें नागरिकत्वाचें पहिलें लक्षण होय. तसेंच, रस्ता जाणार अशी कुणकुण लागतांच कवडीमोलानें आदिवासीच्या शेजारची जमीन घेऊन भरपाईसाठीं टपून बसणारे जे दलाल आहेत, त्यांस बाजारांत मान मिळूं नये. खऱ्या शेतकऱ्याच्या तक्रारीवरचा लोकांचा विश्वास तेच उडवितात.

शेतकऱ्यांसही आमचें सांगणें आहे. अर्ज करा, हरकत लिहून द्या, ग्रामसभेंत बोला, जिल्हा न्यायाधीशापुढें भरपाई मागा. पण ठरलेल्या व भरपाई दिलेल्या कामाची खुंटी उपटून टाकणें हें आपल्याच शेजाऱ्याच्या घागरीवर पाय देणें आहे. महाडच्या तळ्याकांठीं ज्यांनीं मनाईहुकूम मानला, त्यांचीच बाजू अखेर कायद्यानें खरी ठरविली, हें विसरूं नये.

पोलिसांच्या पहाऱ्यांत नळ टाकतां येतो. त्या नळाची राखण मात्र पुढें तीस वर्षें गांवासच करावी लागते. पहारा चार दिवसांत उठतो आणि गांव तेथेंच राहतो. ज्या नळाच्या पहिल्या कुदळीस गांवचा होकार होता, त्याची तोटी कोणी फोडीत नाहीं. म्हणून कोर्टाचा हुकूम हातीं असतांही ज्या अधिकाऱ्यास एकदां ग्रामसभेंत जाऊन बसावेंसें वाटतें, त्याचेंच काम वेळेवर पुरें होईल, अशी आमची खात्री आहे.